खजिन्याची किल्ली कोणाच्या कमरेला?

२१ एप्रिल २०२५ रोजी अमेरिकेतल्या साउथ कॅरोलिना राज्याच्या सिनेटने आपल्याच राज्याच्या खजिनदाराला पदावरून काढावे, असा कौल ३३ विरुद्ध ८ मतांनी दिला. खजिनदार कर्टिस लॉफ्टिस रिपब्लिकन आणि सिनेटमधले बहुमतही रिपब्लिकनांचेच, तेव्हा हे दोन पक्षांचे भांडण नव्हते. अशा ठरावाला दोन्ही सभागृहांत दोन-तृतीयांश मते लागतात. प्रतिनिधिगृहाने तो हातीच घेतला नाही आणि लॉफ्टिस खुर्चीवर राहिले. भांडणाचे मूळ एका खात्यात होते. पुस्तकात १.८ अब्ज डॉलर दिसत होते, पण ते कोणाचे, कुठून आले आणि कशासाठी ठेवले, हे कोणालाच धड सांगता येत नव्हते. चोरीचा आरोप नव्हता. आरोप होता तो हिशेब न लागल्याचा आणि ते वर्षानुवर्षे न सांगितल्याचा.

तेव्हापासून तिथे दोन बाजू एकमेकींवर तुटून पडल्या आहेत. एक म्हणते, २०१० पासून लोकांनी ज्याला चारदा निवडून दिले त्याला आमदारांनी काढणे म्हणजे मतदाराचा अपमान. दुसरी म्हणते, हिशेबनीस कधी मतपेटीतून निघतो का? गव्हर्नरने एखादा जाणकार नेमावा आणि मोकळे व्हावे. २०२६ च्या नोव्हेंबरात या पदाची निवडणूक आहे आणि प्रचारही याच दोन वाक्यांभोवती फिरणार. मला दोन्ही बाजू चुकीच्या जागी खणताना दिसतात. खजिनदार लोकांनीच निवडावा, असे माझे मत आहे. पण त्याच्या हाती फक्त किल्ली असावी. पैसा कुठे गुंतवायचा हे एकट्याने ठरवायचा अधिकार निवडून आलेल्या माणसाकडे नसावा, आणि हिशेब जुळला की नाही हे सांगायचा तर मुळीच नसावा. ही तीन कामे एकाच पाटीखाली कोंबल्यामुळे वादाचा विचका झाला आहे.

'खजिनदार' म्हटले की मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर सोसायटीचा किंवा गणेश मंडळाचा खजिनदार येतो: पावतीपुस्तक, चेकबुक आणि वार्षिक सभेत ऐकून घ्यायच्या चार गोष्टी. पण आपल्याकडची जुनी घडी याहून शहाणी होती. शिवकालीन किल्ल्यावर किल्ल्या हवालदाराकडे, हजेरी आणि कागदपत्रे सबनिसाकडे, धान्य-दारूगोळ्याचा साठा कारखानिसाकडे. एकाने फितूर व्हायचे ठरवले तरी बाकीच्यांना डावलून गड देता येऊ नये, हा त्यामागचा हिशेब. सरकारी रोकड पोतनिसाकडे आणि तिचा जमाखर्च फडणिसाकडे, हीही तीच रीत. आज ही नुसती आडनावे उरली आहेत. त्यामागची शंकेखोर वृत्ती मात्र कोणत्याही खजिन्याला लागतेच.

अमेरिकी राज्यांतही कागदावर हीच रचना आहे. खाते व्हाउचर पाठवते. कंप्ट्रोलर, म्हणजे लेखानियंत्रक, त्या खर्चाला विधिमंडळाची मंजुरी आणि शिल्लक तरतूद आहे का ते पाहून वॉरंट काढतो, म्हणजे पैसे द्यायचा आदेश देतो. खजिनदार तो बँकेतून वटवतो. महिना संपला की बँकेची शिल्लक घ्यायची, तिच्यात वाटेत असलेला भरणा मिळवायचा, न वटलेली वॉरंटे वजा करायची. उरलेला आकडा पुस्तकातल्या शिलकीशी शेवटच्या सेंटपर्यंत जुळला पाहिजे. न जुळल्यास फरक कोणत्या नोंदीत आहे ते शोधायचे, आणि सापडेपर्यंत तो उचंत खात्यात टाकायचा. उचंत खाते म्हणजे गुन्हा नव्हे, प्रत्येक लेखापालाला ते लागते. मात्र ते रोज रिकामे करायचे भांडे आहे. त्याचा रांजण झाला की समजावे, घरात कोणी भांडी घासत नाही.

साउथ कॅरोलिनात रांजणच झाला. गेल्या दशकात जुनी संगणकप्रणाली सोडून नवी घेताना ज्या नोंदींना नव्या घरात जागा सापडली नाही, त्या एका खात्यात ढकलल्या गेल्या आणि तिथेच राहिल्या. जानेवारी २०२५ मध्ये हिशेबातले घोळ खणून काढणाऱ्या बाहेरच्या लेखापालांनी निष्कर्ष दिला की १.८ अब्जांपैकी सुमारे १.६ अब्जांमागे रोकड कधी नव्हतीच, ते नुसते चुकीच्या नोंदींचे ढीग होते. त्याआधी २०२३ मध्ये कंप्ट्रोलर जनरल रिचर्ड एक्स्ट्रॉम यांना राजीनामा द्यावा लागला होता, कारण राज्याची रोकड साडेतीन अब्ज डॉलरने फुगवून दाखवली गेली होती. २०२५ च्या सुरुवातीला राज्याच्या लेखापरीक्षकानेही पद सोडले. आता गंमत पाहा. खजिनदार निवडलेला, कंप्ट्रोलर निवडलेला, लेखापरीक्षक मात्र नेमलेला. चूक तिघांच्याही नाकाखालून गेली. मग 'निवडा की नेमा' या प्रश्नाने इथे काय उलगडते? खरी मेख भलतीकडे आहे. हा लेखापरीक्षक ज्या पाच जणांच्या मंडळाने नेमला होता, त्यात गव्हर्नर आणि विधिमंडळाच्या दोन अर्थसमित्यांच्या अध्यक्षांबरोबर खजिनदार आणि कंप्ट्रोलर हेही बसतात. ज्यांची वही तपासायची, तेच तपासनीस नेमणारे. सिनेटमध्ये दिवसभर वाद झाला, पण बाहेर चर्चा रंगली ती खजिनदाराच्या स्वभावाची.

नेमणूकवाद्यांचा सर्वांत भक्कम मुद्दा मी आधीच मान्य करतो: गुंतवणूक बरी की वाईट, हे मतदाराला कळत नाही, आणि कळायला लागते तोवर उशीर झालेला असतो. याचा पुरावा राज्याचा नसून काउंटीचा, म्हणजे तिथल्या जिल्ह्याचा, आहे, पण पद तेच आणि निवडणूकही तशीच. कॅलिफोर्नियातल्या ऑरेंज काउंटीत रॉबर्ट सिट्रॉन १९७० पासून निवडून येत होता. काउंटी, शाळा, पाणीपुरवठा अशा पावणेदोनशेहून अधिक सार्वजनिक संस्थांचे मिळून साडेसात अब्ज डॉलर त्याच्या हाती होते. तो एक रोखा घ्यायचा, तो तारण ठेवून अल्पमुदतीचे कर्ज उचलायचा, त्या पैशांतून दुसरा रोखा घ्यायचा आणि तोही तारण ठेवायचा. असे करत त्याने एका डॉलरवर पावणेतीन डॉलरचा डोलारा उभा केला. एकूण गुंतवणूक वीस अब्जांच्या वर गेली. अल्पमुदतीचे व्याज तीन टक्क्यांच्या आसपास आणि पाच वर्षांच्या रोख्यांवर त्याहून जास्त, तोवर मधला फरक हा निव्वळ नफा. त्याचा परतावा राज्याच्या निधीपेक्षा ठळकपणे जास्त दिसे आणि त्या आकड्यावर तो निवडणुका जिंके. व्याजदर पुढे कुठे जाणार यासाठी तो ज्योतिष्यांचाही सल्ला घेत होता, हे नंतर चौकशीत बाहेर आले.

फेब्रुवारी १९९४ मध्ये फेडरल रिझर्व्हने, म्हणजे अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेने, दर वाढवायला सुरुवात केली आणि नोव्हेंबरपर्यंत ते ३ वरून साडेपाच टक्क्यांवर नेले. कर्ज महागले, तारण ठेवलेल्या रोख्यांची किंमत उतरली, कर्ज देणारे जादा तारण मागू लागले. ६ डिसेंबरला काउंटीने दिवाळखोरीचा अर्ज केला. तोटा सुमारे १.६ अब्ज डॉलर. आणि हे सगळे होण्याच्या सहा महिने आधी, जूनच्या निवडणुकीत, जॉन मूरलॅक नावाचा सनदी लेखापाल सिट्रॉनविरुद्ध उभा राहून नेमके हेच ओरडून सांगत होता. लोकांनी त्याला पाडले. परतावा बरा चालला आहे, हा उगाच अपशकुन कशाला करतो?

ही गोष्ट नेमणूकवादी नेहमी सांगतात आणि बरोबर सांगतात. पण ते इथेच थांबतात, ते चूक. ही धोक्याची घंटा जाहीरपणे वाजवली कोणी? काउंटीच्या पर्यवेक्षक मंडळाने नाही, लेखापरीक्षकांनी नाही, कर्ज देणाऱ्या बँकांनी तर नाहीच. ती वाजवली एका प्रतिस्पर्ध्याने, आणि प्रतिस्पर्धी होता कारण निवडणूक होती. नेमलेल्या अधिकाऱ्याला प्रतिस्पर्धी नसतो. त्याची जुनी पत्रके खोदून काढण्यात कोणाचा फायदा नसतो. म्हणजे निवडणूक प्रश्न विचारून घेते. त्या प्रश्नाचे उत्तर बरोबर की चूक, हे ठरवण्याची ताकद मात्र तिच्यात नाही. म्हणून ते उत्तर कायद्यातच लिहून ठेवावे लागते. कॅलिफोर्नियाने दिवाळखोरीनंतर तेच केले: तारण ठेवून कर्ज उचलण्यावर एकूण गुंतवणुकीच्या २० टक्क्यांची मर्यादा, अशा कर्जाची मुदत सर्वसाधारणपणे ९२ दिवसांपेक्षा जास्त नको, आणि काउंटीच्या खजिन्यावर देखरेख समिती. या चौकटीत सिट्रॉन पुन्हा निवडून आला असता तरी त्याला वीस अब्जांपर्यंत पोचता आले नसते.

लोकप्रियतेने तिजोरी राखली जात नाही, हे अमेरिकेला त्याहून शंभर वर्षे आधीच कळले होते. केंटकीचा खजिनदार जेम्स टेट १८६७ पासून दर दोन वर्षांनी निवडून येत राहिला. लोक त्याला 'ऑनेस्ट डिक' म्हणत, प्रामाणिक डिक. मार्च १८८८ मध्ये त्याने तंबाखूच्या दोन पोत्यांत सोन्या-चांदीची नाणी भरली, सोबत नोटांची एक गुंडाळी घेतली, लुइव्हिलला जाऊन येतो म्हणून सांगितले आणि तो पुन्हा कधी दिसला नाही. सुमारे २ लाख ४७ हजार डॉलर गेले. तिजोरीत मागे काय राहिले? उसनवारीच्या चिठ्ठ्या, ज्या तो वर्षानुवर्षे 'हातची शिल्लक' म्हणून मोजत आला होता. वीस वर्षे कोणी तिजोरी उघडून नाणी मोजलीच नाहीत, कारण माणूस प्रामाणिक होता! केंटकीने पुढे १८९१ च्या संविधानात खजिनदाराला लागोपाठ दुसरी मुदत नाकारली. माझ्या मते तो उपाय अर्धवट होता. मुदत कमी केली तर चोराला घाई होते इतकेच. खरा उपाय न सांगता येऊन रोकड मोजणारा तपासनीस हाच होता, आणि तसा अधिकारीही केंटकीने तेव्हाच निर्माण केला.

दुसरा मुद्दा पैशाचा. निवडणुकीला पैसा लागतो, आणि राज्याच्या खजिनदाराला तो देणारे असतात रोखे विकणारे, निधी सांभाळणारे, बँका. कॅलिफोर्नियाचा जेस उन्रू १९७५ मध्ये खजिनदार झाला तेव्हा ते पद अडगळीतले होते. १९८७ मध्ये तो गेला तेव्हा वॉल स्ट्रीटचे लोक त्याच्या दारात उभे असत. पैसा हे राजकारणाचे आईचे दूध आहे, हे त्याचेच प्रसिद्ध वाक्य. हा दोष खरा आहे आणि त्यावरचे औषध अर्धे का होईना सापडले आहे. १९९४ च्या जी-३७ नियमाप्रमाणे रोखे विकणाऱ्या कंपनीच्या संबंधित अधिकाऱ्याने अशा उमेदवाराला देणगी दिली, तर कंपनीला दोन वर्षे त्या सरकारचे काम मिळत नाही; सूट फक्त स्वतःच्या मतदारसंघातल्या उमेदवाराला दर निवडणुकीत २५० डॉलरपर्यंत. २०१० मध्ये गुंतवणूक सल्लागारांनाही असाच नियम लागला: मत देऊ शकत असाल तर ३५० डॉलर, नसाल तर १५०. वकील आणि इतर वाटा अजून उघड्या आहेत, हे खरे. पण नेमलेला खजिनदार या देवघेवीतून सुटतो का? देणगी त्याच्याऐवजी त्याला नेमणाऱ्या गव्हर्नरकडे जाते, एवढाच फरक. तिचा माग काढणे मात्र जास्त कठीण.

आता नेमणुकीची बाजू तपासू. न्यू जर्सीत खजिनदार गव्हर्नर नेमतो आणि सिनेट संमती देते. एडिसन आणि आसपास मराठी वस्ती भरपूर, त्यामुळे हे राज्य आपल्याला जवळचे. ऑगस्ट २०१० मध्ये अमेरिकेच्या रोखे नियामकाने न्यू जर्सीवर फसवणुकीचा ठपका ठेवला. एखाद्या राज्यावर असा ठपका येण्याची ती पहिलीच वेळ. २००१ ते २००७ या काळात २६ अब्ज डॉलरचे रोखे विकताना शिक्षक आणि सरकारी कर्मचाऱ्यांच्या पेन्शन निधीत किती खड्डा आहे, हे खरेदीदारांपासून लपवले गेले होते. गव्हर्नर बदलले, पक्ष बदलले, खजिनदार बदलले. त्या सात वर्षांत कोणा खजिनदाराने उभे राहून 'साहेब, हे पत्रक खोटे आहे, मी सही करणार नाही' असे जाहीर म्हटले नाही. म्हणणार तरी कसे? ज्याने खुर्ची दिली तोच ती काढून घेणार.

कनेक्टिकटचे उदाहरण आणखी बोलके आहे. तिथला खजिनदार पॉल सिल्व्हेस्टर हा १९९७ मध्ये मधेच रिकाम्या झालेल्या जागेवर गव्हर्नरने नेमलेला. १९९८ च्या निवडणुकीत डेनिस नॅपिअर यांनी त्याला हरवले. हरल्यानंतर आणि पद सोडण्याआधी त्याने पेन्शनचे कोट्यवधी डॉलर घाईघाईने खासगी निधींत ओतले. १९९९ मध्ये लाच घेतल्याचा गुन्हा त्याने कबूल केला. त्याला बाहेर काढले ते मतदारांनी, आणि तेही गुन्हा उघड होण्याआधी. पण कनेक्टिकटमध्ये पेन्शन निधीचा एकमेव विश्वस्त खजिनदार असतो, म्हणून शेवटच्या त्या काही आठवड्यांत त्याचा हात धरणारे कोणी नव्हते. निवडणुकीने माणूस बदलला, अधिकार तसाच राहिला. माझ्या म्हणण्यातले दोन्ही धागे या एका प्रकरणात दिसतात.

इथे माझ्या विरोधात जाणारी गोष्टही सांगतो, नाहीतर वाचकांपैकी कोणी ती दाखवेलच. न्यू जर्सीनंतर याच कारणाने इलिनॉयवर २०१३ मध्ये आणि कॅन्ससवर २०१४ मध्ये ठपका आला, आणि या दोन्ही राज्यांत खजिनदार निवडलेला असतो. मग निवडणुकीचा उपयोग काय झाला? इलिनॉयपुरते उत्तर असे की तिथे रोख्यांची पत्रके गव्हर्नरचे अर्थ कार्यालय तयार करते आणि पेन्शन निधी वेगळ्या मंडळांकडे असतात. खजिनदाराची किल्ली त्या कुलपाला लागतच नव्हती. दुसऱ्याच दाराला कुलूप लावून 'कुलपाने चोरी थांबत नाही' म्हणणे बरोबर नाही. पण म्हणूनच, नुसती निवडणूक घेऊन गप्प बसणाऱ्यांशीही माझे भांडण आहे.

भारतातला वाचक म्हणेल, आमच्याकडे कोषागार अधिकारी काय, महालेखापाल काय, कोणीच निवडून येत नाही, तरी चालतेच की. हा आक्षेप मला सर्वांत वजनदार वाटतो. आपल्या नियंत्रक व महालेखापरीक्षकाची नेमणूक राष्ट्रपती करतात, पण संविधानाच्या कलम १४८ प्रमाणे त्यांना सर्वोच्च न्यायालयाच्या न्यायाधीशाइतक्याच अवघड रीतीने काढता येते. म्हणजे स्वातंत्र्य येते ते काढणे अवघड असण्यातून, निवडीच्या पद्धतीतून नव्हे. मान्य. अमेरिकेतल्या एखाद्या राज्याने 'गव्हर्नरने नेमावा, दहा वर्षांची मुदत द्यावी, विधिमंडळाच्या दोन-तृतीयांश मतांशिवाय काढू नये' असे सुचवले, तर मी माझा हट्ट सोडायला तयार आहे. मेरीलँडने मधला मार्ग काढला आहे: खजिनदार विधिमंडळ निवडते, आणि गव्हर्नर, कंप्ट्रोलर व खजिनदार अशा तिघांच्या मंडळापुढे राज्याची मोठी कंत्राटे येतात. तिघांपैकी दोघांनी नको म्हटले की गव्हर्नरचे काही चालत नाही. पण साउथ कॅरोलिनातल्या किंवा इतर ठिकाणच्या सुधारकांचे ऐकून पाहा. त्यांना हवा असतो गव्हर्नरच्या मर्जीवर राहणारा माणूस, आणि त्याला ते 'व्यावसायिकता' म्हणतात.

आणखी एक पंथ आहे, पदच मोडीत काढा म्हणणारा. टेक्सासमध्ये मार्था व्हाइटहेड १९९४ साली 'मला निवडा, मी हे पद बंद करते' असे सांगून जिंकल्या. १९९५ मध्ये लोकांनी घटनादुरुस्ती मंजूर केली आणि पुढच्या वर्षी खजिना कंप्ट्रोलरकडे गेला. दिलेला शब्द पाळून स्वतःची खुर्ची मोडणारा राजकारणी म्हणून त्यांचे कौतुक केले पाहिजे. मिनेसोटाने १९९८ मध्ये पद रद्द करायला कौल दिला. फ्लोरिडाने खजिनदार आणि कंप्ट्रोलर एकत्र करून २००३ पासून एकच मुख्य वित्त अधिकारी ठेवला. २०११ मध्ये इलिनॉयच्या कंप्ट्रोलर आणि खजिनदारानेच मिळून दोन पदे एक करा, वर्षाला सुमारे १.२ कोटी डॉलर वाचतील, असा हिशेब मांडला. आकडा खोटा नव्हता. पण इलिनॉयमध्ये आदेश काढणारा, पैसे देणारा आणि तपासणारा हे तीन वेगळे हात का झाले, याला इतिहास आहे. ऑर्व्हिल हॉज हा १९५२ मध्ये निवडून आलेला राज्याचा ऑडिटर. वॉरंट काढायचे आणि हिशेब तपासायचे, ही दोन्ही कामे एकाच कार्यालयात होती. त्याने खोटी वॉरंटे काढली, ती वटवली, आणि १९५६ मध्ये पकडला जाईपर्यंत लाखो डॉलर खाल्ले. १९७० च्या संविधानाने वॉरंट कंप्ट्रोलरकडे दिले, लेखापरीक्षण विधिमंडळाने निवडलेल्या महालेखापरीक्षकाकडे, आणि पैसे खजिनदाराकडेच राहिले. १.२ कोटी ही तिसऱ्या कुलपाची किंमत आहे. महाग वाटत असेल तर आधी हॉजचा हिशेब पाहावा.

पद मोडल्याने राजकारण जाते, हा समजही टेक्सासनेच खोटा पाडला. तेल कंपन्यांवर 'बहिष्कार' घालणाऱ्या वित्तसंस्थांशी व्यवहार बंद करण्याचा कायदा तिथे २०२१ मध्ये झाला. खजिनदार नव्हता, तर त्या संस्थांची यादी कंप्ट्रोलरने काढली. मोठे रोखेविक्रेते बाजारातून बाहेर पडल्यामुळे तिथल्या नगरपालिका आणि शाळांना पहिल्या आठ महिन्यांत ३० ते ५३ कोटी डॉलर जादा व्याज पडेल, असा अंदाज एका अभ्यासाने दिला. जिथे खजिनदार आहे तिथेही हेच. वेस्ट व्हर्जिनियाचे रायली मूर यांनी २०२२ मध्ये ब्लॅकरॉक या निधी सांभाळणाऱ्या कंपनीसह पाच बड्या वित्तसंस्थांना राज्याचे दार बंद केले आणि २०२४ मध्ये ते संसदेत निवडून गेले. लुइझियानाने ब्लॅकरॉककडून ७९.४ कोटी डॉलर काढून घ्यायचे ठरवले. दुसऱ्या बाजूला इलिनॉयने सार्वजनिक गुंतवणूक करताना पर्यावरणाचे आणि समाजाचे निकष पाहावेत, असा कायदा केला. पर्यावरणाच्या बाजूने असो वा विरुद्ध, दोन्हीकडे खजिनदार निधी-व्यवस्थापकाच्या खुर्चीत बसून मते मिळवतो, ही माझी तक्रार. ही मते विधिमंडळात मांडावीत, कायदा करावा. खजिनदाराने एका पत्रकावर त्याचा निर्णय करू नये.

मात्र स्वतंत्र किल्लीदाराची गरज कधी पडते, याचे एक अस्वस्थ करणारे उदाहरण आहे. इंडियाना राज्याच्या पेन्शन निधींनी क्रायस्लर या मोटार कंपनीचे तारण असलेले कर्ज डॉलरला ४३ सेंट भावाने घेतले होते. २००९ च्या दिवाळखोरीत त्यांना २९ सेंट देऊ केले गेले. राज्याचे निवडलेले खजिनदार रिचर्ड मर्डॉक कंपनी विकण्याच्या राष्ट्राध्यक्षांच्या योजनेविरुद्ध थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. ८ जूनला न्यायमूर्ती गिन्सबर्ग यांनी विक्री थांबवली, दुसऱ्या दिवशी न्यायालयाने ती स्थगिती उठवली आणि १० जूनला फियाटने कंपनी घेतली. मर्डॉक हरले. पुढे २०१२ मध्ये याच प्रसिद्धीच्या जोरावर त्यांनी आपल्याच पक्षाच्या ज्येष्ठ सिनेटरला पाडले आणि मग मुख्य निवडणूक गमावली. पदाची शिडी केली, हे उघड आहे. पण पेन्शनधारकांच्या १४ सेंटसाठी राष्ट्राध्यक्षांना कोर्टात खेचायला नेमलेला माणूस धजला असता का, हाही प्रश्न उरतोच.

तर मग करायचे काय? इलिनॉय किंवा पेनसिल्व्हेनियातली जी मराठी कुटुंबे मुलांच्या शिक्षणासाठी ५२९ खात्यात दरमहा पैसे टाकतात, त्यांच्यासाठी हा पुस्तकी प्रश्न नाही. त्या योजना याच पदाच्या देखरेखीखाली चालतात. बेवारस ठेवी शोधून द्यायचे कामही बहुतेक ठिकाणी याच कार्यालयाकडे, आणि त्याच्या जाहिरातीत खजिनदाराचा हसरा फोटो सरकारी खर्चाने झळकतो. फोटो काढून टाका, हे सोपे काम आधी करावे. लेखापरीक्षकाच्या नेमणुकीत खजिनदार आणि कंप्ट्रोलर यांचे मत असू नये. दर महिन्याचे बँक जुळवणीपत्रक पुढच्या महिन्याच्या ठरलेल्या तारखेला, उचंत खात्यातल्या शिलकीसह, लोकांना पाहता येईल असे ठेवावे; साउथ कॅरोलिनाच्या उमेदवारांना प्रचारात विचारायचा प्रश्न हाच आहे, आणि 'मी हुशार लोक नेमीन' हे त्याचे उत्तर नव्हे. आणि पेन्शनचा पैसा एकट्याच्या हातून काढून मंडळाकडे द्यावा.

हे शेवटचे अशक्य नाही. न्यूयॉर्क, कनेक्टिकट आणि नॉर्थ कॅरोलिना या तीन राज्यांत २०२५ पर्यंत पेन्शन निधीचा एकमेव विश्वस्त निवडून आलेला माणूस असे. न्यूयॉर्कचे माजी कंप्ट्रोलर ॲलन हेवेसी यांनी २०१० मध्ये याच अधिकाराच्या बदल्यात फायदे घेतल्याचा गुन्हा कबूल केला, तरी तिथे अधिकार एकट्याकडेच राहिला. नॉर्थ कॅरोलिनात २०२४ मध्ये खजिनदार म्हणून निवडून आलेले ब्रॅड ब्राइनर स्वतः गुंतवणूक क्षेत्रातले. एकट्याने निर्णय घ्यायला त्यांच्याइतका लायक माणूस क्वचितच या खुर्चीवर आला असेल. त्यांनीच २०२५ मध्ये सव्वाशे अब्ज डॉलरच्या घरातल्या त्या निधीवरचा आपला एकट्याचा अधिकार पाच जणांच्या मंडळाकडे देणाऱ्या कायद्याचा पाठपुरावा केला, आणि डेमोक्रॅटिक गव्हर्नरने रिपब्लिकन खजिनदाराच्या त्या कायद्यावर सही केली. तिथल्या पुढच्या निवडणुकीत परताव्याचा आकडा नाचवून मते मागणे उमेदवारांना जड जाईल. त्यांना बोलावे लागेल ते वॉरंट, शिल्लक आणि जुळवणीपत्रकावर. प्रचारसभेला गर्दी कमी होईल, हे नक्की.